गोवर्धनाची भूमि आणि द्राक्षाची वेल

(१)

नाशिकच्या आसपासचे द्राक्षमळे आणि त्यांच्या जोडीला एखादें ‘मध्ययुगीन गांव’ एकाच दिवसांत दाखवून आणणाऱ्या यात्रा अलीकडे मुंबई-ठाणें भागांतून निघूं लागल्या आहेत. फ्रान्स देशांत अशा यात्रा पुष्कळ वर्षांपासून रूढ आहेत. त्यांचेंच हें अनुकरण होय. अनुकरणांत स्वतः दोष नाहीं. पण रीत उचलतांना तिच्याबरोबर तिकडची कथाहि नकळत उचलली जाते, आणि ती इकडच्या भूमीला लागू पडते कीं नाहीं हें पाहण्याचें राहून जातें. उल्हासनगर कॅम्प १ मधील आम्हां कांहीं मंडळींस गेल्या हिंवाळ्यांत अशा एका यात्रेस जाण्याचा योग आला. यात्रा नेणाऱ्या संस्थेचा मार्गदर्शक तरुण, हुशार व बोलका होता. त्यानें सांगितलेल्या दोन गोष्टी मात्र मनांत राहिल्या. पहिली, नाशिकची द्राक्षविद्या दोन हजार वर्षांची आहे. दुसरी, सिन्नरचें देऊळ ‘हेमाडपंती’ आहे. या दोन्ही विधानांची साधनांच्या आधारें परीक्षा करणें हा प्रस्तुत लेखाचा हेतु आहे.

ज्या गांवाचा जन्मकाल निश्चित ठाऊक आहे अशा गांवांत आम्ही राहतों. दुसऱ्या महायुद्धाच्या काळांतील कल्याणची लष्करी छावणी, १९४७ नंतर सिंध प्रांतांतून आलेल्या निर्वासितांची तेथें झालेली वसति, आणि १९४९ सालीं त्या वसतीला मिळालेलें उल्हासनगर हें नांव, हा आमचा सगळा नगरेतिहास. नगर नवें असणें यांत कमीपणा नाहीं, हें आम्हांस अनुभवानें माहीत आहे. म्हणूनच दुसऱ्या कोणत्या वस्तूस उगाच जुनेपणा चिकटविला जात असेल तर तो आम्हांस लवकर खटकतो.

(२)

प्रथम मूळ नमुना पाहूं. फ्रान्सच्या नैर्ऋत्येस बोर्दो नांवाचें मोठें बंदर आहे. तेथून सुमारें चाळीस किलोमीटरवर सेंट-एमिलियों हें लहानसें गांव आहे. आठव्या शतकांत एमिलियों नांवाचा एक साधु तेथील गुहेंत राहिला, अशी परंपरा आहे. गांवाचें नांव त्याच्यावरून पडलें. गांवाखालीं चुनखडीचा मृदु खडक आहे. त्या खडकाच्या पोटांत कोरून काढलेलें एक प्रार्थनामंदिर तेथें असून त्याचा काल बाराव्या शतकाचा आरंभ मानतात. लेणीं पाहण्याची संवय असलेल्या महाराष्ट्रीय माणसास या मंदिराची कल्पना सहज करतां येईल. घरें बांधण्यासाठीं त्याच खडकांतून दगड काढला गेला. दगड काढून जीं भुयारें उरलीं त्यांत पुढें मद्याचीं पिंपें ठेवण्यांत येऊं लागलीं. कारण भूगर्भांत उन्हाळा-हिंवाळा सारखाच गारवा राहतो. इ. स. ११९९ मध्यें इंग्लंडचा राजा जॉन यानें एका सनदेनें गांवच्या पंचांस कारभाराचे अधिकार दिले. (त्या काळीं तो प्रांत इंग्लंडच्या राजांकडे होता.) द्राक्षमद्यावर देखरेख ठेवण्याचें कामहि या पंचांकडेच होतें. १९९९ सालीं युनेस्कोनें गांव व भोंवतालचे मळे मिळून एकच ‘सांस्कृतिक भूदृश्य’ म्हणून जागतिक वारशाच्या यादींत घातले.

येथें ध्यानांत घेण्याची गोष्ट ही कीं, त्या ठिकाणीं गांव आणि मळा यांचा इतिहास एकच आहे. घराचा दगड, भुयार, सनद आणि वेल हीं एकाच साखळीचे दुवे आहेत. मळा पाहिला कीं गांव समजतें, आणि गांव पाहिलें कीं मळा समजतो. म्हणून तेथील मार्गदर्शकास दोन्ही एका कथेंत सांगतां येतात, आणि ती कथा खरी असते. आपल्याकडे तशी स्थिति आहे काय, हा प्रश्न.

(३)

द्राक्ष हा शब्द संस्कृत वाङ्मयांत जुना आहे, याविषयीं वाद नाहीं. परंतु शब्द जुना असणें आणि वेल आपल्या अंगणांत असणें या दोन निराळ्या गोष्टी आहेत. पाणिनीनें कापिशी नगरीच्या नांवापासून तद्धित शब्द साधण्यासाठीं एक स्वतंत्र सूत्र दिलें आहे, आणि काशिकावृत्तींत त्याचीं उदाहरणें म्हणून तेथील मधु व तेथील द्राक्षा यांचा निर्देश आहे. कापिशी म्हणजे अफगाणिस्तानांतील आजच्या बेग्रामचा परिसर. कौटिल्यानें सुराध्यक्षाच्या प्रकरणांत मद्याचे प्रकार सांगतांना द्राक्षरसापासून झालेल्या मद्यास मधु ही संज्ञा दिली असून त्याचे कापिशायन व हारहूरक असे देशावरून पडलेले दोन भेद सांगितले आहेत. कालिदासानें रघुवंशाच्या चौथ्या सर्गांत द्राक्षवेलींनीं वेढलेल्या भूमीवर रघूचे सैनिक मद्यपान करून श्रम घालवितात असें वर्णिलें आहे, तें पारसिकांच्या देशांत. म्हणजे व्याकरण, अर्थशास्त्र आणि काव्य हे तिन्ही साक्षीदार एकाच दिशेकडे, वायव्येकडे, बोट दाखवितात. वैद्यकग्रंथांत मृद्वीका अनेक योगांत येते हें खरें. पण वाळलेलें फळ दूरवर नेतां येतें, त्यामुळें तेवढ्यावरून स्थानिक लागवड सिद्ध होत नाहीं.

याला जोड देणारा एक परकीय पुरावा आहे. इ. स. च्या पहिल्या शतकांत कोणा ग्रीक व्यापाऱ्यानें लिहिलेलें ‘पेरिप्लस’ नांवाचें समुद्रप्रवासाचें पुस्तक प्रसिद्ध आहे. त्यांत भडोच बंदरीं येणाऱ्या मालाची यादी असून तींत मद्य आहे. इटलीचें मद्य विशेष पसंत, त्याखेरीज लाओदिकेयाचें व अरबस्तानचें, असा तपशीलहि आहे. त्याच पुस्तकांत भडोचकडील राजाचें जें नांव आलें आहे तें क्षत्रप नहपानाचें असावें असें बहुतेक पंडित मानतात. अर्थात् ज्या काळीं नाशिकच्या डोंगरांत नहपानाच्या जांवयानें लेणें कोरविलें, त्या काळीं पश्चिम किनाऱ्यावर द्राक्षमद्य जहाजांतून येत होतें. जी वस्तु घरीं विपुल आहे ती कोणी समुद्रापलीकडून आणवीत नाहीं. यावरून मार्गदर्शकाच्या पहिल्या विधानास आधार नाहीं, इतकेंच नव्हे तर पुरावा त्याच्या उलट दिशेनें झुकतो.

(४)

मग त्या दोन हजार वर्षांत काय होतें? येथेंच खरा विषय आहे. नाशिकच्या पश्चिमेस, गंगापूरच्या वाटेवर, गोवर्धन नांवाचें गांव आहे. आज महाराष्ट्रांत सर्वांत प्रसिद्ध असलेली ‘सुला’ ही मद्यशाळा याच गोवर्धनच्या शिवारांत आहे. मळे पाहण्यास येणारे हजारों लोक या नांवाची पाटी वाचून पुढें जातात. परंतु हेंच तें गोवर्धन, ज्याचा उल्लेख पांडवलेण्यांतील शिलालेखांत पुनःपुन्हां येतो, असें विद्वानांनीं ठरविलेलें आहे. तेव्हां तें नुसतें खेडें नव्हतें. एका आहाराचें, म्हणजे जिल्ह्यासारख्या विभागाचें, मुख्य ठाणें होतें, आणि तेथें राजाचा अमात्य राहत असे.

या लेखांतील तीन गोष्टी वाचकांपुढें ठेवितों. पांडवलेण्यांतील दहाव्या क्रमांकाच्या लेण्यांत नहपानाचा जांवई उषवदात यानें आपलीं दानें नोंदविलीं आहेत. गोवर्धन येथें कोष्ट्यांच्या दोन श्रेणी होत्या. त्यांपैकीं एकीकडे त्यानें २००० कार्षापण दरमहा शेंकडा एक या व्याजानें ठेविले. दुसरीकडे १००० कार्षापण दरमहा शेंकडा पाऊण या व्याजानें. मुद्दल कायम राहावयाचें आणि व्याजांतून लेण्यांत वर्षाकाळीं राहणाऱ्या भिक्षूंचीं वस्त्रें व किरकोळ खर्च भागावयाचा. आजच्या भाषेंत हा कायम ठेवीचा व्यवहार होय. ज्या संस्थेवर राजकुलांतील पुरुष असा विश्वास टाकतो ती संस्था आणि तें गांव सामान्य नसणार हें उघड आहे.

दुसरी गोष्ट भूमीच्या खरेदीची. त्याच उषवदातानें अश्विभूति नांवाच्या ब्राह्मणाकडून त्याच्या वडिलांकडून आलेलें एक शेत ४००० कार्षापणांस विकत घेतलें आणि भिक्षूंच्या अन्नासाठीं दिलें. शेत नगराच्या सीमेवर वायव्येस आहे, असें दिशेसह लिहून ठेविलें आहे. राजाचा जांवई असूनहि त्यानें शेत हिसकावून घेतलें नाहीं; मोल दिलें, विकणाऱ्याचें नांव घातलें, वारसा सांगितला आणि तें सर्व दगडांत कोरविलें. दस्तऐवज कसा असावा याचा हा पाठच आहे.

तिसरी गोष्ट गौतमीपुत्र सातकर्णीची. नहपानाचा पराभव केल्यावर त्यानें आपल्या राज्यवर्षाच्या अठराव्या सालीं गोवर्धनच्या विष्णुपालित नांवाच्या अमात्यास आज्ञा पाठविली. पूर्वीं उषवदाताकडे असलेलें, पश्चिमेकडील ककाडी गांवचें दोनशें निवर्तनांचें शेत त्रिरश्मि डोंगरावरील भिक्षूंस द्यावें. त्यांत सरकारी माणसांनीं शिरूं नये, त्यास हात लावूं नये, तेथें मिठासाठीं खणूं नये. ही आज्ञा तिसऱ्या क्रमांकाच्या लेण्यांत कोरलेली आहे. सहा वर्षांनीं, चोविसाव्या सालीं, दुसरी आज्ञा निघाली. ती वाचतांना एखाद्या कलेक्टर-कचेरींतील जुन्या फायलीची आठवण होते. दिलेल्या शेताची लागवड होत नाहीं, गांवहि वसलेला नाहीं; सबब नगराच्या सीमेवरील राजकीय शेतांतून शंभर निवर्तनें द्यावींत, असें तींत म्हटलें आहे. दान दिलें, पण जमीन पडीक राहिली, तक्रार गेली, बदली जमीन मिळाली. एकोणीस शतकांपूर्वींची ही हकीकत गोवर्धनच्या मातीची आहे.

या लेखांतून वनस्पतींचाहि हिशेब मिळतो. उषवदातानें नानंगोल गांवीं नारळाच्या बत्तीस हजार झाडांचें दान केल्याचें नोंदविलें आहे, आणि दुसऱ्या लेखांत आणखी आठ हजार नारळांचा उल्लेख आहे. झाडांची नोंद संख्येसह ठेवणाऱ्या या दात्याच्या यादींत नारळ आहे, द्राक्ष नाहीं. नसल्याचा पुरावा हा दुबळा पुरावा असतो, हें मान्य. पण पेरिप्लसची साक्ष आणि संस्कृत ग्रंथांची साक्ष त्याच्या पाठीशीं उभ्या राहिल्यावर त्यास बळ येतें.

(५)

मग दख्खनच्या पठारावर वेल केव्हां दिसते? स्पष्ट उल्लेख चौदाव्या शतकांतला. मोरोक्कोचा प्रवासी इब्न बतूता इ. स. १३४२ नंतर दिल्लीहून निघून दौलताबादेस आला. तेथें द्राक्षें व डाळिंबें होतात आणि त्यांचा बहर वर्षांतून दोनदां येतो, असें त्यानें लिहिलें आहे. पुष्कळांस हें वाक्य प्रवाशाची अतिशयोक्ति वाटतें. परंतु तें अक्षरशः खरें असूं शकतें, आणि तें कसें हें नाशिकचा कोणताहि बागाइतदार सांगेल.

फ्रान्समध्यें हिंवाळा कडक असतो. वेलीचीं पानें गळतात, ती झोपीं जाते, त्या झोपेंत तिची छाटणी होते, वसंतांत ती फुटते आणि सप्टेंबर-ऑक्टोबरांत फळ उतरवितात. वर्षाला एक छाटणी, एक पीक. आपल्याकडे वेलीला झोपावयास लावील अशी थंडीच पडत नाहीं. ती बारा महिने जागी असते. ज्या वेळीं छाटावी त्या वेळीं ती फुटते. म्हणून आपले शेतकरी तिला वर्षांतून दोनदां छाटतात. पहिली एप्रिलच्या सुमारास, तिला खरडछाटणी म्हणतात. तिनें नव्या काड्या तयार होतात आणि काडींतील डोळ्यांत पुढच्या घडांची गर्भधारणा होते. दुसरी ऑक्टोबरच्या सुमारास, ती गोडी छाटणी; तिच्यानंतर घड येतात आणि जानेवारी ते मार्चपर्यंत तोडणी चालते. पहिल्या छाटणीनंतरहि कांहीं घड निघतात, पण तें फळ पावसाळ्यांत सांपडून कुजणार आणि वेलीची शक्ति व्यर्थ जाणार, म्हणून शेतकरी तो बहर घेत नाहीं. म्हणजे दोन बहर येण्याचा धर्म वेलीचा, आणि एकच घेण्याचें शहाणपण माणसाचें. इब्न बतूतानें पाहिलें तें या धर्माचेंच एक रूप असावें. सहाशें ऐंशी वर्षांपूर्वींच्या वाक्याचा अर्थ आजच्या बागेंत उभें राहून लागतो.

हें पीक खाण्याच्या द्राक्षांचें होतें. भोकरी, फकडी या जुन्या जाती मागील पिढीपर्यंत बागांत होत्या. वेली पांगाऱ्याच्या जिवंत खुंटांवर चढवीत. पुढें मांडव आले, आणि १९६० नंतर ‘थॉम्पसन सीडलेस’ या बिनबियांच्या जातीनें जुन्या जातींस मागें टाकलें. मद्यासाठीं लागवड ही याहून अलीकडची. १९८० नंतरच्या दशकांत पुणें जिल्ह्यांतील नारायणगांव येथें फ्रेंच तंत्रज्ञांच्या साहाय्यानें फेसाळ मद्य तयार होऊं लागलें. गोवर्धन येथील मद्यशाळा १९९९ ची. २००१ सालीं महाराष्ट्र शासनानें द्राक्षप्रक्रिया-उद्योगाचें धोरण जाहीर केलें, आणि त्यानंतर निफाड, दिंडोरी व नाशिक या तालुक्यांत मद्यशाळा वाढल्या. ‘सोव्हिन्याँ ब्लाँ’, ‘शेनाँ ब्लाँ’, ‘शिराझ’ हीं जीं नांवें आतां मळ्यांतील पाट्यांवर दिसतात तीं फ्रेंच जातींचीं आहेत, आणि गोवर्धनच्या मातींत त्यांचें वय तीस वर्षांच्या आंतबाहेर आहे.

वेलीच्या मुळांची हकीकत तर याहून नवलाची आहे. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धांत अमेरिकेंतून आलेल्या ‘फायलोक्झेरा’ नांवाच्या सूक्ष्म किडीनें फ्रान्सचे मळे मुळांतून खाऊन टाकले. अखेर ज्या देशांतून कीड आली त्याच देशांतील रानवेलींचीं मुळें वांचवूं शकतात असें आढळलें. तेव्हांपासून फ्रेंच वेल बहुतेक ठिकाणीं अमेरिकन खुंटावर कलम केलेली असते. आपल्याकडेहि गेल्या तीस-पस्तीस वर्षांत ‘डॉगरिज’ नांवाचा अमेरिकन खुंट रूढ झाला आहे. त्याचें कारण मात्र कीड नव्हे. अवर्षण आणि खारवट पाणी यांत तो तग धरतो हें होय. म्हणजे सेंट-एमिलियों आणि गोवर्धन या दोन्ही ठिकाणीं जमिनीवरची वेल फ्रेंच नांवाची आणि जमिनीखालचें मूळ अमेरिकेचें. वेलीच्या बाबतींत प्राचीनतेचा अभिमान दोन्हीकडे जरा जपूनच बाळगावा हें बरें.

(६)

आतां दुसरें विधान, सिन्नरचें. नाशिकपासून सुमारें तीस किलोमीटरवर पुण्याच्या रस्त्यावर सिन्नर आहे. त्यास ‘मध्ययुगीन गांव’ म्हणून दाखविण्यांत येतें. आजचें सिन्नर हें औद्योगिक वसाहत असलेलें तालुक्याचें शहर आहे. त्यांत जुनें गांव शोधूं जाणाऱ्याची निराशा होईल. परंतु देवगिरीपूर्वीं यादवांची राजधानी याच भागांत होती आणि ताम्रपटांतील सिंदीनगर तें हेंच, असें मानण्यांत येतें. यादवांची आरंभींची वंशावळ ज्या साधनांवरून लागते त्यांत शके ९२२ चा संगमनेर ताम्रपट आणि शके ९९१ चा वसई ताम्रपट हे मुख्य आहेत. गांवाच्या बाहेरील गोंदेश्वराचें देऊळ हें या काळाचें प्रत्यक्ष स्मारक होय. तें पंचायतन आहे: उंच जोत्यावर मध्यें शिवाचें मोठें देऊळ, चार कोपऱ्यांस विष्णु, सूर्य, गणपति व पार्वती यांचीं लहान देवळें, आणि समोर नंदीचा मंडप. त्याचा काल सामान्यतः बारावें शतक धरतात.

यास ‘हेमाडपंती’ म्हणण्याची संवय सर्वत्र आहे. हेमाद्रि हा महादेव व रामचंद्र या यादव राजांचा मंत्री. म्हणजे तेराव्या शतकाच्या उत्तरार्धांतील पुरुष. त्याच्या जन्मापूर्वीं बांधलेल्या देवळास त्याचें नांव देणें म्हणजे नातवाच्या नांवानें आजोबास ओळखणें होय. चुना न घालतां दगडावर दगड बसविण्याची पद्धति ही हेमाद्रीनें काढली, असा समज या नांवामागें आहे. ती पद्धति त्याच्या पूर्वीं कित्येक शतकें चालू होती. शिल्पशास्त्राच्या परिभाषेप्रमाणें गोंदेश्वराचें शिखर ‘भूमिज’ प्रकारचें आहे. चार बाजूंस शेंड्यापर्यंत चढत गेलेले चार पट्टे, ज्यांस लता म्हणतात. आणि त्यांच्यामधील जागेंत लहान लहान शिखरांच्या एकावर एक ओळी. प्रत्येक ओळ म्हणजे एक भूमि. एकदां ही खूण कळली कीं शाळेंतील मूलहि असें शिखर दुरून ओळखतें.

आणि हीच खूण घेऊन आमच्या नगराच्या शेजारीं यावें. अंबरनाथचें शिवालय हेंहि भूमिज प्रकारचेंच. त्याचें शिखर भंगलेलें आहे. पण उरलेल्या भागांत लता व लहान शिखरांच्या ओळी दिसतात. त्यांतील शिलालेखांत शके ९८२, म्हणजे इ. स. १०६०, हा काल आणि शिलाहार राजा मुम्मुणि याचें नांव आहे. गोंदेश्वरास अशी निश्चित तिथि नाहीं. अंबरनाथास ती आहे. म्हणून या शैलीचा कालक्रम लावतांना अभ्यासकांस सिन्नरहून अंबरनाथकडे यावें लागतें. आमच्या यात्रेंत कॅम्प १ मधील एक महाविद्यालयीन विद्यार्थी होता. सिन्नरचें देऊळ पाहून तो म्हणाला, “सर, आपल्याकडे असें जुनें कांहींच नाहीं.” त्याच्या घरापासून अंबरनाथचें देऊळ थोड्याच मैलांवर आहे. देवळाजवळून वाहणारी वालधुनी पुढें आमच्याच नगरांतून वाहते. तिचें आजचें मलिन पाणी पाहून ती मुम्मुणीच्या देवळाची नदी आहे असें त्यास कधीं वाटलें नसावें. आणि तसें त्यास कोणी सांगितलेंहि नव्हतें.

(७)

येथें या विषयाचें मर्म आहे असें मला वाटतें. खोटा जुनेपणा निरुपद्रवी असतो, ऐकणाऱ्यास दोन घटका करमणूक होते, असें पुष्कळ सज्जन म्हणतात. तसें नाहीं. खोटा जुनेपणा खऱ्या जुनेपणाची जागा अडवितो. द्राक्षवेलीस दोन हजार वर्षें दिल्यामुळें गोवर्धन या नांवाकडे लक्ष जात नाहीं. हेमाडपंतास देऊळ दिल्यामुळें शिलाहार आणि आरंभींचे यादव झांकले जातात. ज्या कुटुंबांचीं जुनीं गांवें सिंधमध्यें मागें राहिलीं त्यांच्या नातवंडांस तर या प्रदेशाची भूमि आपलीशी करण्याचा एकच मार्ग आहे: ती काय बोलते तें नीट वाचतां येणें. त्यांस चुकीचा पाठ देणें हा अन्याय आहे.

म्हणून अशा यात्रा बंद व्हाव्यात असें मी मुळींच म्हणत नाहीं. उलट, त्या नीट योजाव्या. कॅम्प १ मधील मंडळींनीं पहांटे शहाड स्थानकावरून कसाऱ्याची गाडी धरावी आणि पुढें मोटारीनें थळघाट चढावा. सोपाऱ्याकडून नाशिककडे जाणारा प्राचीन मार्ग याच घाटानें वर चढे, आणि उषवदाताच्या लेखांत सोपारा व गोवर्धन हीं दोन्ही नांवें एकत्र येतात. नाशिकच्या अलीकडे रस्त्यालगतच पांडवलेणीं आहेत. तीं प्रथम पाहावींत, सकाळच्या उजेडांत. तिसरें व दहावें हीं दोन लेणीं सावकाश. मग गोवर्धनास जावें. जे मद्य घेत नाहींत त्यांसहि तेथें पाहण्यासारखें पुष्कळ आहे: खुंट व वेल यांचा सांधा, छाटलेली काडी, पोलादी टांक्यांत थंड ठेवून आंबविला जाणारा रस, आणि रंग सालींत असतो, रसांत नसतो, म्हणून तांबड्या मद्यास सालीसकट आंबवितात ही युक्ति. तेथें उभें राहून मार्गदर्शकानें लोकांस सांगावें कीं वेल नवी आहे आणि भूमि जुनी आहे. ज्या शिवाराचें शेत पडीक राहिल्याची तक्रार गौतमीपुत्रापर्यंत गेली होती त्याच परिसरांत आज १९६५ सालीं पूर्ण झालेल्या गंगापूर धरणाच्या कांठीं हिरव्या रांगा दिसत आहेत. या एका वाक्यांत जो रोमांच आहे तो कोणत्याहि बनावट परंपरेंत नाहीं. दुपारनंतर सिन्नर. आणि पुढील रविवारीं, पायीं किंवा रिक्षानें, अंबरनाथ.

मार्गदर्शकासाठीं तीन प्रश्न सुचवितों. ते त्यानें प्रत्येक वस्तूस विचारावे. ही जुनी आहे असें कोण म्हणतो? तो म्हणणारा केव्हांचा? आणि तो नेमकें कशाविषयीं बोलतो? इब्न बतूता द्राक्षांविषयीं बोलतो, पण दौलताबादेच्या. कालिदास मळ्याविषयीं बोलतो, पण पारसिकांच्या. शिलालेख गोवर्धनविषयीं बोलतो, पण कोष्ट्यांच्या, नारळांच्या आणि पडीक शेताच्या संदर्भांत. तिघांचीं वाक्यें एकत्र शिवून एक सुंदर वस्त्र होईल. पण तें कोणाच्याच अंगाचें नसेल. सेंट-एमिलियोंस गांव आणि वेल यांची कथा एक आहे, ती त्यांनीं तशी सांगावी. आपल्या दोन कथा आहेत. त्या दोन म्हणूनच सांगितल्या तर त्यांत उणेपणा कांहींच नाहीं. आणि त्यांतील जुनी कथा सेंट-एमिलियोंच्या सनदेहून हजार वर्षांनीं वडील आहे.